नियुक्तीला आव्हान देताय? आधी प्रतिवादींची नावं तपासा

मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, मूळ अर्ज पुकारला जातो, वकील गुणांचा हिशेब मांडू लागतात आणि खंडपीठ पहिलंच पान उघडून विचारतं, 'निवड झालेला उमेदवार कुठे आहे?' प्रतिवादी क्रमांक १ महाराष्ट्र शासन, २ लोकसेवा आयोग, ३ आयुक्त. ज्याची नियुक्ती रद्द करा म्हणून प्रार्थना, म्हणजे मागणी, केली आहे, त्याचं नाव मथळ्यात, म्हणजे पक्षकारांच्या यादीत, नाहीच. अशा वेळी गुणांवर बोलण्याची वेळ येईलच याची खात्री नाही.

'त्या पोराशी माझं भांडण नाही, माझं भांडण आयोगाशी आहे,' असं अशिलं हमखास सांगतात. भावना खरी असेल, पण तुम्ही जिंकलात तर खुर्ची त्या पोराचीच जाणार. सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्येच उदित नारायण सिंह प्रकरणात फरक सांगून ठेवलाय: ज्याच्याशिवाय परिणामकारक आदेशच देता येत नाही तो आवश्यक पक्षकार, आणि ज्याच्याशिवाय आदेश देता येतो पण पुरत्या निवाड्यासाठी जो समोर असावा तो योग्य पक्षकार. दिवाणी प्रक्रिया संहिता रिट याचिकेला (उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयात थेट केलेल्या याचिकेला) जशीच्या तशी लागू होत नाही, हे खरं. पण आवश्यक पक्षकार गाळण्याचा दोष पोटात घातला जात नाही, हे तत्त्व तिथेही चालतं.

मग नेमकं कोणाला जोडायचं? इथे सगळ्यात जास्त घोळ होतो. समजा तुमच्या प्रवर्गात ४ जागा आहेत आणि शेवटच्या निवडलेल्या उमेदवाराला ११९ गुण आहेत. तुम्हाला ११८ आहेत, पण उत्तरतालिकेत एका प्रश्नाचं उत्तर चुकलं असून आपले १२० व्हायला हवेत, असं तुमचं म्हणणं आहे. तर यादी खालून वाचा. धोका ११९ वाल्याला आहे, १३१ गुण घेऊन पहिला आलेल्याला नाही. लोक मात्र रागाच्या भरात पहिल्यालाच ओढतात आणि शेवटच्याला सोडतात. २०१० च्या ममता बिष्ट प्रकरणात आरक्षित जागेवर दावा होता, आणि त्या प्रवर्गातली शेवटची निवडलेली उमेदवार समोर नसताना याचिका ऐकायलाच नको होती, असं सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं. एखाद्याच्या खेळाडू प्रमाणपत्रावरच आक्षेप असेल, तर अर्थात तोच उमेदवार जोडायचा, मग तो यादीत कुठेही असो.

शेकडो नियुक्त्यांवर गदा येणार असेल तर प्रत्येकाला जोडायलाच हवं असं नाही. १९८४ च्या प्रबोध वर्मा निकालानुसार संख्या फार मोठी असेल तर काही जणांना प्रातिनिधिक म्हणून जोडता येतं. मात्र 'प्रातिनिधिक' हा शब्द अर्जात स्पष्ट लिहा. नुसती पाच नावं टाकली की ते पाच जण स्वतःपुरतेच प्रतिवादी आहेत, असा वाद उभा राहतो.

एक पळवाट फार वापरली जाते. धोरणाला किंवा ज्येष्ठता ठरवण्याच्या तत्त्वालाच आव्हान असेल आणि दाद फक्त शासनाविरुद्ध मागितली असेल, तर फटका बसणारे कर्मचारी आवश्यक पक्षकार ठरत नाहीत. १९७४ चं सिद्धांती आणि १९८३ चं जनार्दन हे निकाल त्यासाठीच दाखवतात. पण प्रार्थना नीट वाचा. 'अ' मध्ये नियम रद्द करा आणि 'ब' मध्ये अमुक यांची नियुक्ती रद्द करा, असं लिहिलं की ही सवलत गेली. हा 'ब' बहुतेक वेळा जुन्या मसुद्यातून आयता आलेला असतो!

अर्ज परीक्षेच्या निकालाआधी दाखल केला आणि निवड यादी नंतर लागली, तर तेव्हा नावं नव्हती ही सबब यादी लागेपर्यंतच टिकते. 'नियुक्त्या अर्जाच्या निकालाच्या अधीन राहतील' असा अंतरिम आदेश मिळाला म्हणून स्वस्थ बसू नका. दुरुस्ती अर्ज लगेच द्या. मॅटसाठी मुदत साधारणपणे अंतिम आदेशापासून एक वर्ष आहे, आणि उशिरा जोडलेला उमेदवार पहिला आक्षेप विलंबाचाच घेतो. पत्ता मिळत नाही ही अडचणही फार मोठी नाही. नियुक्ती आदेशात पदस्थापनेचं कार्यालय दिलेलं असतं.

शासनाच्या उत्तरात 'आवश्यक पक्षकार जोडलेले नाहीत' हे वाक्य दिसलं, तर प्रत्युत्तरात पानंच्या पानं वाद घालू नका. त्याच तारखेला पक्षकार जोडण्याची परवानगी मागा, मथळा दुरुस्त करा, हमदस्त नोटीस (आपण स्वतः नेऊन बजावायची नोटीस) घ्या आणि ती बजावल्याचं शपथपत्र पुढच्या तारखेआधी दाखल करा.