ट्रंकेतल्या कागदांपासून मिश्र माध्यमातील चित्र कसे करावे

रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या अनेक घरांत मिळवता माणूस मुंबईच्या गिरणीत आणि बाकीचे कुटुंब गावी, अशी विभागणी पिढ्यान्‌पिढ्या चालत आली. अशा घरच्या ट्रंकेत मनीऑर्डरीची कुपने हमखास सापडतात, आणि रकमेखाली दाटीवाटीने लिहिलेला ‘पावसाआधी कौले परतून घेणे’ यांसारखा निरोप कोणत्याही फोटोपेक्षा त्या माणसाबद्दल अधिक सांगतो. मिश्र माध्यमातील, म्हणजे कागद, कापड, रंग असे वेगवेगळे साहित्य एकत्र वापरून केलेल्या, चित्राचा आरंभ अशा एकाच कागदापासून आणि एकाच व्यक्तीपासून करावा. सगळे घराणे एका फळीवर बसवू गेल्यास त्याचे प्रदर्शनातल्या तक्त्यासारखे काहीतरी होते.

मूळ कागद कधीही चिकटवू नये. त्याची लेझर प्रत काढावी, कारण इंकजेटची शाई पाण्याने पसरते. आणि अक्षरे शेवटी सुलट दिसावीत म्हणून ती आरशातल्यासारखी उलटी छापून घ्यावी. प्लायवूडच्या फळीला दोन्ही बाजूंनी जेसो, म्हणजे रंगाआधी द्यायचा पांढरा अस्तर, लावावा, एकाच बाजूने लावल्यास दमट हवेत फळी वाकते. जेसो वाळल्यावर फळीवर अ‍ॅक्रिलिक जेल (वाळल्यावर पारदर्शक होणारे घट्ट माध्यम) पसरून प्रत पालथी दाबावी व हवेचे बुडबुडे बाहेर काढावेत. रात्रभर वाळवणे एरवी पुरते, परंतु समुद्रालगत त्याहून अधिक वेळ द्यावा आणि शक्यतो हे काम दिवाळीनंतर काढावे. पुढे कागद ओला करून बोटाच्या पेराने हळूहळू चोळला की लगदा निघून जातो आणि अक्षरे जेलमध्ये राहतात. काही अक्षरे तुटतातच. ती पेनने पुन्हा गिरवू नयेत.

रंगासाठी जांभ्याची माती वाळवून, कुटून, मलमलीतून चाळावी आणि अ‍ॅक्रिलिक माध्यमात, म्हणजे रंग धरून ठेवणाऱ्या पारदर्शक द्रवात, कालवावी. तिचा तांबडेपणा लोहाच्या ऑक्साइडचा असल्याने तो उन्हात टिकतो, हळदीचा पिवळा मात्र लवकर उडतो. मासेमारीचे जुने जाळे वापरायचे असल्यास ते गोड्या पाण्यात अनेकदा धुवावे, कारण राहिलेले मीठ हवेतला ओलावा ओढून घेते आणि वरचा थर सुटू लागतो. लुगड्याचा तुकडा चिकटवण्यापेक्षा धावदोऱ्याने शिवलेला बरा, कारण गोधडी शिवणाऱ्या घरात तो टाका सर्वांच्या ओळखीचा असतो. नवा कागद चहाच्या पाण्यात बुडवून जुना भासवण्याची रीत मला मुळीच पसंत नाही. नव्या प्रतीने नवेच दिसावे.

सांगण्यासारखे बरेच असेल, तर कुडाळजवळच्या पिंगुळीतील चित्रकथीचा मार्ग धरावा. तेथील ठाकर कलावंत सुटी चित्रे एकामागून एक दाखवत कथा सांगतात. त्याच धर्तीवर प्रत्येक आठवणीला स्वतंत्र पान द्यावे.

चौकट करताना काच आणि चित्र यांच्यामध्ये पट्टी घालून अंतर ठेवावे, नाहीतर पावसाळ्यात बुरशी धरते. पश्चिमेच्या, पावसाचा मारा घेणाऱ्या भिंतीवर मात्र चित्र टांगू नये.