बांगड्याची एक पाटी आणि अख्खी किनारपट्टी: मासळीचे नमुने घेण्याच्या कामात नव्याने येणाऱ्यांसाठी

पावसाळी मासेमारी बंदी उठली की रत्नागिरी-सिंधुदुर्गच्या बंदरांवर मोजपट्टी, वजनकाटा आणि नोंदवही घेतलेली नवी मुलंमुली दिसू लागतात. कोणी मत्स्यविज्ञान शिकलेलं असतं, कोणी प्राणिशास्त्र, कोणी संख्याशास्त्र. कोणाला प्रबंधासाठी आकडे हवे असतात, तर कोणी सर्वेक्षणाच्या कंत्राटी कामावर आलेलं असतं. या कामात माझी बरीच वर्षं गेली आहेत आणि नव्या मुलांचा पहिला प्रश्न मला आता पाठ आहे: "मॅडम, किती मासे मोजायचे?"

मी त्यांना सांगते, त्याआधी हे ठरवा की हे मासे कोणाच्या वतीने बोलणार आहेत.

समजा, रत्नागिरीच्या मिरकरवाडा बंदरात एका ट्रॉलरवरून बांगड्याची पाटी उतरली आणि तुम्ही त्यातले पन्नास बांगडे मोजले. आलेली सरासरी लांबी कशाची? त्या पन्नास माशांची, हे नक्की. त्या पाटीची आहे का, हे तुम्ही मासे कसे उचलले त्यावर ठरेल. त्या बोटीच्या सगळ्या बांगड्याची आहे का, हे पाटी कशी भरली त्यावर. मग त्या दिवशी बंदरात उतरलेल्या बांगड्याची? जिल्ह्यातल्या महिनाभराच्या बांगड्याची? आणि समुद्रात अजून पोहत असलेल्या बांगड्याची? प्रत्येक पायरीवर 'सगळे' म्हणजे कोण हे बदलतं. खालच्या पायरीवर नमुना चांगला निघाला म्हणून वरच्या पायरीचा हक्क आपोआप मिळत नाही, तो नव्याने कमवावा लागतो.

शेवटची पायरी सगळ्यात अवघड आहे. गिलनेटमध्ये ठराविक मापाचाच मासा अडकतो. बारीक मासा आसातून, म्हणजे जाळ्याच्या छिद्रातून, पार होतो आणि मोठ्याचं डोकं आसात शिरतच नाही. ट्रॉलचं जाळं बारीक मासे ओढून आणतं, पण वेगाने पोहणारे मोठे मासे त्याला चुकवू शकतात. आठवडाभर समुद्रात राहणाऱ्या बोटीला बर्फ आणि जागा जपावी लागते, त्यामुळे सुरुवातीच्या दिवसांतली कमी भावाची मासळी पुष्कळदा तिथेच परत टाकली जाते. खलाशांच्या खाण्याची मासळी वेगळी निघते. म्हणजे जेटीवर उतरलेला एकूणएक मासा मोजला तरी तो समुद्राचा प्रामाणिक नमुना होईलच असं नाही.

पण प्रश्न बदला. राज्य सरकारने २०२३ मध्ये ५४ जातींसाठी पकडण्याचं किमान आकारमान ठरवून दिलं. 'या बंदरात उतरणाऱ्या मासळीत त्या मापाखालची किती?' एवढंच विचारायचं असेल, तर उतरलेली मासळी हीच तुमची समष्टी, म्हणजे तुमचे 'सगळे', आणि जेटी ही अगदी योग्य जागा. तेच पन्नास मासे एका प्रश्नाला पुरे पडतात आणि दुसऱ्याला अजिबात नाही. म्हणून नोंदवहीच्या पहिल्या पानावर एका वाक्यात प्रश्न लिहा आणि त्यात जागा, काळ, जाळ्याचा प्रकार हे तिन्ही येऊ द्या. हे वाक्य लिहायला अर्धा दिवस लागला तरी चालेल. ते न लिहिता गोळा केलेली वर्षभराची माहिती कशाबद्दल आहे हेच शेवटी सांगता न आल्याचं मी पाहिलं आहे आणि मला त्याचं फार वाईट वाटतं, कारण त्यामागे कोणाची तरी पहाटेची झोप गेलेली असते.

आता प्रत्यक्ष मासा उचलण्याबद्दल. आपला हात तटस्थ नसतो. तो अखंड, चकचकीत, मोठ्या माशाकडे जातो. काही मुलं हे ओळखून मुद्दाम बारीक मासे घेतात, पण तीही निवडच झाली. शिवाय बंदरावर मासळी पुष्कळदा बोटीवरच निवडून, मापाप्रमाणे वेगळी करून आणलेली असते, कारण मोठ्याचा भाव वेगळा. लिलावाच्या ढिगात देखणे मासे वर असतात. तेव्हा आधी तांडेलाला, म्हणजे बोटीच्या प्रमुखाला, विचारा, "काका, माल निवडलेला आहे की सरमिसळ?" सरमिसळ असेल तर चार पाट्यांतून वेचण्यापेक्षा एक पाटी चिठ्ठी टाकून ठरवा आणि ती पूर्ण रिकामी करून मोजा. तेवढं जमत नसेल तर पाटी ओतून ढिगाचे दोन सारखे भाग करा, मग एका भागाचे पुन्हा दोन, आणि शेवटी उरलेला एक भाग पूर्ण मोजा. निवडलेला असेल तर प्रत्येक मापाच्या मालातून मासे घ्या आणि प्रत्येक मापाचं एकूण वजन लिहून घ्या. मोठ्या मालाच्या सहा पाट्या आणि बारीक मालाच्या दोन असतील, तर दोन्हींतून पंचवीस-पंचवीस मासे घेऊन सरळ सरासरी काढणं चूक ठरेल. प्रत्येक मापात एकूण किती मासे होते याचा वजनावरून अंदाज करून त्या प्रमाणात आकडे वाढवावे लागतात. वजन लिहायचं राहून गेलं की घरी बसून ही दुरुस्ती करताच येत नाही.

यापेक्षा अवघड जाणारी गोष्ट दुसरीच आहे. बांगडा, तारली हे थव्याने फिरणारे मासे, आणि थव्यात साधारण एकाच मापाचे मासे एकत्र असतात. त्यामुळे एका ओढीत, म्हणजे जाळं एकदा टाकून ओढल्यावर, आलेले पाचशे बांगडे मोजले तरी नवी माहिती फार थोडी मिळते, कारण पहिल्या वीस-पंचवीस माशांनीच बरंचसं सांगून टाकलेलं असतं. त्याऐवजी वीस बोटींवरून दहा-दहा मासे घेतले तर एकूण दोनशेच होतात, पण ते वीस वेगवेगळ्या ओढींची खबर देतात. शितावरून भाताची परीक्षा होते, कारण सगळी शितं एकाच पातेल्यात, एकाच आचेवर शिजलेली असतात. त्या पातेल्यातली आणखी पाचशे शितं चेपून शेजारच्या घरचा भात कळत नाही. आकडा मोठा दिसला की मार्गदर्शकालाही बरं वाटतं, म्हणून हा मोह फार सुटतो. अहवालात 'इतके हजार मासे मोजले' असं वाचलं की मी आधी शोधते, किती बोटींवरचे? किती दिवसांतले?

बोटी कशा निवडायच्या याची आपल्याकडे चांगली घडलेली पद्धत आहे. केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्था (स्थापना १९४७, मुख्यालय कोची) देशाच्या किनाऱ्यावरची मासळी प्रत्येक बोट मोजून काढत नाही, नमुन्यावरून तिचा अंदाज बांधते. निरीक्षणाच्या वेळेत पंधरा किंवा त्याहून कमी बोटी आल्या तर सगळ्या नोंदवायच्या. वीस ते एकोणतीस आल्या तर दर दुसरी, तीस ते एकोणचाळीस आल्या तर दर तिसरी, याप्रमाणे पुढे. यातला गाभा असा की कोणती बोट घ्यायची हे तिच्या येण्याच्या क्रमावरून ठरतं. त्यात तुमच्या ओळखीला, जेटीवर जवळ लागलेल्या बोटीला, भरपूर माल आणून आरडाओरडा करणाऱ्या बोटीला झुकतं माप मिळत नाही. हर्णैसारख्या ठिकाणी, जिथे बोटी बाहेर नांगरतात आणि माल बैलगाडीतून किनाऱ्यावर येतो, तिथे कोणती गाडी कोणत्या बोटीची हे आधी समजून घ्या. नाहीतर एकच बोट दोनदा मोजली जाते आणि एखादी राहून जाते.

दिवसांचंही तसंच. याच पद्धतीत महिन्याचे दहा-दहा दिवसांचे तीन भाग करतात. पहिल्या पाच दिवसांतला एक दिवस यदृच्छेने, म्हणजे चिठ्ठी टाकल्यासारखा, काढून तिथून सलग सहा दिवस घेतात आणि त्यांच्या दोन-दोन दिवसांच्या जोड्या लावतात. जोडीच्या पहिल्या दिवशी दुपारी बारा ते सहा निरीक्षण, दुसऱ्या दिवशी सकाळी सहा ते बारा, आणि मधल्या रात्री काय उतरलं ते चौकशी करून. असे चोवीस तास पूर्ण होतात. नव्या माणसाला हे किचकट वाटतं. मग तो आपल्या सोयीने 'दर पंधरा दिवसांनी रविवारी' असं वेळापत्रक लावतो. कोकणात ते थेट चंद्राशी जुळतं. एका अमावास्येला सुरुवात केली की पुढची फेरी पौर्णिमेच्या आसपास, म्हणजे पुन्हा उधाणातच. बरेच महिने अष्टमीच्या सुमाराची भांगाची, म्हणजे कमी चढ-उताराची, भरती वहीत येतच नाही. रायगडपासून उत्तरेकडे बोंबील-जवळ्यासाठी डोल जाळं, म्हणजे प्रवाहात एका जागी बांधून ठेवलेलं पिशवीसारखं जाळं, लावतात, त्याची तर सारी मदार पाण्याच्या ओढीवर. तिथे या वेळापत्रकाने आलेला आकडा कमालीचा फुगलेला निघेल. मुस्लिम मच्छीमारांची वस्ती मोठी असलेल्या बंदरात शुक्रवारचं चित्र वेगळं असतं, शिमग्यात वेगळं, नारळी पौर्णिमेला वेगळं. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक बोटींना बंदीच असते. थव्याला वेढून पकडणाऱ्या पर्ससीन जाळ्याचे महिने ठराविक. हे सगळं गावात विचारून एका कागदावर मांडा आणि मगच दिवस काढा.

एवढा खटाटोप कशासाठी, समजूतदार माणसाने 'सरासरी वाटेल' अशी बोट निवडली तर काय बिघडलं, असं कोणीतरी विचारतंच. हा वाद जुना आहे. नॉर्वेचे संख्याशास्त्रज्ञ आंडर्स कियार यांनी १८९५ मध्ये बर्नच्या आंतरराष्ट्रीय सभेत मांडलं की पूर्ण गणनेऐवजी काळजीपूर्वक घेतलेला प्रातिनिधिक भाग पुरतो. प्रातिनिधिक म्हणजे नेमकं काय, यावर पुढे बरीच वर्षं चर्चा चालली. इटलीत जिनी आणि गाल्वानी या संख्याशास्त्रज्ञांना १९२१ च्या जनगणनेच्या कागदांपैकी मोजकेच जपून ठेवायचे होते. त्यांनी २१४ जिल्ह्यांतून २९ असे निवडले, की सात महत्त्वाच्या बाबतींत त्यांची सरासरी देशाच्या सरासरीला जुळावी. ती जुळलीही. पण इतर बाबतींत आणि त्याच बाबींच्या विखुरणीत तो नमुना देशापासून बराच दूर निघाला. १९३४ मध्ये संख्याशास्त्रज्ञ येर्झी नेमन यांनी लंडनमध्ये याची नीट चिकित्सा केली. प्रत्येक घटकाला निवडलं जाण्याची ठरलेली संधी असेल, तरच नमुन्यावरून संपूर्णाबद्दल बोलता येतं आणि आपला अंदाज किती चुकू शकतो हेही सांगता येतं. मला हे फार मोलाचं वाटतं. चेहरा जुळला म्हणजे प्रतिनिधी झाला असं नाही, निवड कशी झाली ते पाहावं लागतं.

नेमन यांच्या हाताखाली लंडनला शिकलेले एक जण आपल्या सातारा जिल्ह्यातले होते, पांडुरंग वासुदेव सुखात्मे. भारतात परतल्यावर त्यांनी पिकाचं उत्पन्न काढण्याच्या पद्धतीवर काम केलं. शेतात यदृच्छेने जागा ठरवून तिथला ठराविक तुकडा कापायचा, झोडायचा आणि वजन करायचं, हाच तो पीक कापणी प्रयोग. सुखात्म्यांनी १९४० च्या दशकात दाखवून दिलं की तुकडा अगदी लहान असला तर उत्पन्न सातत्याने जास्त येतं. लहान तुकड्यात क्षेत्राच्या मानाने कडा जास्त, आणि कडेवरचं रोप आत धरायचं की बाहेर अशी वेळ आली की कापणाऱ्याचा कल ते आत घेण्याकडे असतो. यात कोणी खोटेपणा केलेला नसतो. हजार लहान तुकडे घेतले तरी ती चूक जात नाही, उलट चुकीच्या आकड्यावरचा विश्वास तेवढा वाढतो. आज कोकणातल्या भातखाचरात पीक विम्यासाठी हे प्रयोग होतात, तेव्हा दोरी कुठून ताणली यावर महसूल मंडळातल्या सगळ्या शेतकऱ्यांची भरपाई ठरू शकते. संधी मिळाली तर कृषी खात्याच्या कर्मचाऱ्यांबरोबर एकदा जाऊन पाहाच.

आंबा-काजूच्या बागांत मातीचे नमुने घेणाऱ्यांसाठी एवढंच: कातळावरच्या बागेत सुरुंग लावून खड्डे केलेले असतात आणि त्यांत बाहेरून आणलेली माती भरलेली असते. खड्ड्यातली माती त्या खड्ड्याबद्दल बोलते, आजूबाजूच्या सड्याबद्दल, म्हणजे उघड्या कातळाच्या पठाराबद्दल, नाही. दोन्ही एका पिशवीत कालवू नका.

आता माणसांबद्दल, कारण शेवटी माहिती तेच देतात. लिलाव चालू असताना मध्ये जाऊ नका. आधी दोन-चार दिवस नुसते जाऊन उभे राहा आणि आपण कोण, कशासाठी आलो ते स्वतःहून सांगा. तरीही कोणी म्हणेल, "आमचीच बोट कशाला? त्या पलीकडच्याला विचारा की." पलीकडचा हसून बोलावत असतो आणि तुम्हाला उशीर झालेला असतो. अशा वेळी बोट बदलू नका. नकार देणाऱ्या बोटी इतरांसारख्याच असतील याची खात्री नसते. कोणाकडे बारीक मासळी जास्त असेल, कोणाची फेरी तोट्यात गेली असेल. सोप्या बोटी घेत गेलात तर तुमच्या वहीत फक्त हसऱ्या तांडेलांचा समुद्र उरेल. 'नकार' असं स्पष्ट लिहा, जाळ्याचा प्रकार आणि बोटीचा अंदाजे आकार लिहा, संध्याकाळी पुन्हा विचारून पाहा. तांडेल मोकळा झाला की चहाच्या टपरीवर पुष्कळदा सगळं सांगतो.

आणि ज्या दिवशी वारा सुटला, एकही बोट बाहेर पडली नाही, तुम्ही ठरल्या वेळी बंदरावर पोहोचलात आणि मोजायला काहीच नव्हतं, त्या दिवसाचं पान फाडू नका, दुसरा दिवसही घेऊ नका. तारीख, वेळ, वाऱ्याची दिशा लिहून पकडीच्या रकान्यात शून्य भरा. कोरा रकाना म्हणजे 'माहिती नाही', आणि शून्य म्हणजे 'गेले, पाहिलं, काही उतरलं नाही'. महिन्याची सरासरी काढताना दोन्हींचा हिशेब वेगळा होतो.