रंगांची जादू लिहिताय? मग या चुका टाळा

मागच्या उन्हाळ्यात माझ्या कादंबरीची पहिली सहा प्रकरणं एका मित्राला वाचायला दिली. कल्पित नगर, तिथले रंगारी कापडात रंगासोबत मंत्रही मुरवतात. लाल म्हणजे आग, निळा म्हणजे पाणी, हिरव्यानं जखमा भरतात. नागपूरच्या धरमपेठेतल्या टपरीवर चहा संपायच्या आत त्यानं कागद परत केले. "अबे, हा त ट्राफिक सिग्नल झाला!"

राग आला, पण खोटं काय बोलला? त्यानंतर वर्षभर जे खोडलं, पुन्हा लिहिलं, त्यातून हाती लागलेल्या या चुका.

रंगाला एकच अर्थ चिकटवणं

असा तक्ता केला की चौथ्या पानावर वाचकाला पुढचं सगळं कळतं. लाल शालवाला आला, म्हणजे आता कुठंतरी आग लागणार. यावरचा उतारा शोधायला लांब जायला नको. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपूरच्या इतवारी-महाल भागात जाऊन उभे राहा. काळी आणि पिवळी, अशा दोन मारबती, म्हणजे मोठाले पुतळे, मिरवणुकीनं निघतात आणि 'इडा पीडा घेऊन जा गे मारबत' ही आरोळी सगळीकडे घुमत असते. पण काळीच्या वाट्याला शिव्याशाप येतात, पिवळीपुढं हात जोडले जातात. आणि तोच पिवळा नवरीच्या अंगाला लागला की हळद, डोळ्यांत उतरला की कावीळ. म्हणजे अर्थ ठरतो तो कोण बघतंय आणि कुठं बघतंय यावर. माझ्या नगरात आता पिवळं निशाण विणकरांना शुभ वाटतं आणि नावाडी तेच बघून होडी वळवतात, कारण त्यांच्यात ती साथीच्या रोगाची खूण आहे. एवढ्या एका बदलानं दोन प्रकरणं आपोआप सुचली.

रंग फुकट मिळतो असं समजणं

सगळ्यात मोठी चूक हीच. नायकानं हात हलवला आणि जांभळा झोत निघाला. अरे, पण तो जांभळा आला कुठून?

मी स्वतः करून बघायचं ठरवलं. फाल्गुनात शहराबाहेर पळस फुलतो, त्याची फुलं आणून उकळली आणि जुना सुती दुपट्टा त्यात बुडवला. केशरी-पिवळा असा काही चढला की शेजाऱ्यांना बोलावून दाखवला. दोन धुण्यांत निम्मा रंग मोरीत वाहून गेला. कापडाला आधी तुरटी द्यायची असते, तीच राहिली होती. रंग वेगळा, कापड वेगळं, आणि दोघांना धरून ठेवणारं तिसरं काहीतरी लागतं. तुमच्या जगात ही तुरटी कोणती, हे ठरवल्याशिवाय पुढं लिहू नका. माझ्याकडे ती साक्षीदार आहे: मंत्र बांधताना कुणी पाहिलं नसेल तर तो पहिल्या पावसात उतरतो.

निळीची गंमत आणखी वेगळी. हौदातून कापड वर काढतात तेव्हा ते निळं नसतंच, हिरवट-पिवळं असतं. पाण्यात विरघळावी म्हणून निळीतला निळेपणा आधी घालवावा लागतो. बाहेरच्या हवेतला ऑक्सिजन लागला की तो परत येतो आणि कापड डोळ्यांदेखत निळं होत जातं. हळदीत चुना कालवला की लाल कुंकू होतं, आणि हळदीचा डाग साबण लागताच लालसर होतो. हे घरोघरी दिसतं. असं असताना ठिणग्या आणि धूर कशाला हवेत?

रंगामागे पैसाही असतो. चंपारणच्या शेतकऱ्यांना मळेवाले जबरदस्तीनं नीळ पेरायला लावत, त्यातूनच 1917 चा सत्याग्रह उभा राहिला. त्याआधी 1897 मध्ये जर्मनीत कृत्रिम नीळ बाजारात आली आणि खऱ्या निळीचा भाव कोसळत गेला. त्याहूनही आधी, 1856 मध्ये, विल्यम पर्किन हा अठरा वर्षांचा पोरगा प्रयोगशाळेत क्विनाइन, म्हणजे मलेरियावरचं औषध, बनवायला गेला आणि हाती लागला जांभळा रंग. तुमच्या नगरात उद्या कुणी स्वस्तातली जादू शोधली, तर जुन्या रंगाऱ्यांनी खायचं काय?

उजेड विसरणं

साडी घेताना घरातली बाई दुकानाच्या दारापर्यंत का येते? आतल्या ट्यूबलाइटखाली जुळलेला ब्लाउज बाहेर उन्हात वेगळाच निघतो म्हणून. जुन्या पिवळ्या सोडियम दिव्यांखाली तर लाल-हिरवा ओळखणंच कठीण. तिन्हीसांजेला लाल आधी काळपट पडतो, निळा मात्र बराच वेळ तग धरतो. मग तुमचा लाल जादूगार मध्यरात्री लढाई कशी जिंकतो? नायक फारच बलाढ्य झाला असेल आणि गोष्ट पुढं सरकत नसेल, तर त्याच्या शत्रूला फक्त खिडकी बंद करायला लावा.

रंग मिसळण्याचा नियमही एकदा ठरवून टाका. रंगपेटीत पिवळ्या-निळ्याचा हिरवा होतो, पण लाल आणि हिरवा प्रकाश एकत्र आला की पिवळा दिसतो. जादू रंगाची आहे की प्रकाशाची, ते पहिल्याच प्रकरणात कळू द्या.

रंगानं कधीच न फसवणं

कळमन्याच्या बाजारात हिरवट सालीचं संत्रं बघून बाहेरगावचा माणूस नाक मुरडतो. साल केशरी व्हायला थंड रात्री लागतात. गारवा कमी पडला तर फळ आतून गोड होतं आणि साल हिरवीच राहते. तुमच्या जादूतही असं एखादं संत्रं असू द्या.

'क्रिमसन' आणि 'टील'

हस्तलिखितात हे शब्द दिसले की माझं लक्ष उडतं. आपल्याकडे आमसुली, मोरपंखी, चिंतामणी, गुलबक्षी, शेंदरी, किरमिजी, श्रीखंडी आहेत. शिवाय मराठी रंगाची मात्राही सांगते. चेहरा रागानं लालबुंद होतो, लुगडं लालभडक असतं. पांढराशुभ्र सदरा आवडतो, पांढराफटक चेहरा बघून पोटात गोळा येतो. माझ्या रंगाऱ्यांच्या शाळेत आता पहिल्या वर्षी एवढंच शिकवतात. 'शुभ्र' म्हणायच्या जागी 'फटक' म्हटलं, तर समोरचा माणूस आजारी पडतो. हे प्रकरण वाचून मित्रानं कागद घरी नेलेत, अजून परत दिलेले नाहीत.