फिलिप्सची डच एलपी नेमकी कोणत्या काळातली, हे कसं ओळखायचं

फिलिप्सच्या एलपीचं, म्हणजे मोठ्या विनाइल रेकॉर्डचं, वय छापलेल्या सालावरून ठरवू नका. वर्तुळातल्या ‘पी’पुढचं साल ते ध्वनिमुद्रण पहिल्यांदा कधी प्रसिद्ध झालं तेवढंच सांगतं. पंधरा वर्षांनी नवं प्रेसिंग, म्हणजे नव्याने दाबून काढलेल्या प्रती, निघालं तरी ते साल तसंच राहतं, आणि विकणारा पहिल्या आवृत्तीची किंमत लावून मोकळा होतो.

आधी लेबलवरचा, म्हणजे मधल्या गोल कागदावरचा, क्रमांक वाचा. नेदरलँड्समधल्या बार्न इथून फिलिप्सचा रेकॉर्डचा व्यवसाय १९५० च्या सुमारास उभा राहिला. त्या दशकातल्या शास्त्रीय संगीताच्या मोनो (एकाच वाहिनीच्या) रेकॉर्डवर सुरुवातीला ‘ए’, मग पाच आकडे आणि शेवटी ‘एल’ किंवा ‘आर’ असतं. एल म्हणजे ३० सेंटिमीटरची रेकॉर्ड, आर म्हणजे २५ ची. स्टिरिओ (दोन वाहिन्यांचा आवाज) आल्यावर ८३५ ने सुरू होऊन ‘एवाय’ने संपणारे क्रमांक आले, साठच्या दशकात पुढे ८०२ आणि ‘एलवाय’. या काळातलं गडद जांभळट-तांबडं, वर ‘हाय-फाय स्टिरिओ’ लिहिलेलं लेबल संग्राहक मुद्दाम शोधतात, आणि ते योग्यच आहे. १९७० च्या आसपास अक्षरं गेली, सात आकडी क्रमांक आले: आधी ६५००, नंतर ९५००. ७३०० दिसलं तर ती कॅसेट. ऐंशीच्या दशकातल्या सहा आकडी क्रमांकापुढे जोडरेघेनंतर १ असेल तर एलपी, २ असेल तर सीडी, ४ असेल तर कॅसेट.

६५८० (युनिव्हर्सो), ६५७० (फेस्टिवो) आणि ६५२७ (सेक्वेन्झा) या स्वस्त पुनर्मुद्रणाच्या मालिका. ऐकायला त्या बऱ्याचदा उत्तम असतात; फक्त त्यांना पहिल्या आवृत्तीचे पैसे देऊ नका.

आता रेकॉर्ड बाहेर काढा. शेवटची खोबणी आणि लेबल यांच्यामधल्या गुळगुळीत पट्टीवर टॉर्च तिरपा धरा. वरून सरळ प्रकाश टाकला तर चकाकीत काहीच दिसत नाही. तिथे ‘एए’, क्रमांक आणि १वाय किंवा २वाय अशी बाजूची खूण असते. इथे वाय म्हणजे स्टिरिओ एलपी, एल म्हणजे मोनो, एफ म्हणजे मिनिटाला ४५ फेऱ्यांची छोटी रेकॉर्ड. त्यापुढचा देशाचा तीन आकडी संकेत सगळ्यात कामाचा: ६७० हॉलंड, ४२० ब्रिटन, ३८० फ्रान्स, ३२० जर्मनी. इथला क्रमांक लेबलशी जुळतो का तेही पाहा. कव्हर मात्र पुरावा नव्हे. डच कव्हरमध्ये फ्रेंच रेकॉर्ड सर्रास सापडते, कारण मधल्या मालकांनी त्यांची अदलाबदल केलेली असते.

काळ ठरवायला कलाकारही मदत करतो. १९५१ ते १९६१ या काळात अमेरिकेतल्या कोलंबिया कंपनीची ध्वनिमुद्रणं युरोपात फिलिप्सच्या लेबलवर निघत. पुढे ती कोलंबियाच्याच सीबीएस या लेबलकडे गेली. त्यामुळे वाद्यवृंद संचालक ब्रूनो वॉल्टरचं अमेरिकन ध्वनिमुद्रण फिलिप्सच्या लेबलवर दिसलं तर ती रेकॉर्ड बहुधा त्या दशकातलीच.

मोनो आणि स्टिरिओ म्हणजे एकाच वादनाच्या दोन प्रती, असं गृहीत धरू नका. इ मुझिची हा इटालियन वाद्यवृंद आणि व्हायोलिनवादक फेलिक्स आयो यांनी विवाल्डीचे ‘फोर सीझन्स’ फिलिप्ससाठी १९५५ मध्ये मोनोत वाजवले आणि १९५९ मध्ये स्टिरिओत पुन्हा वाजवले. वादक तेच, वादन वेगळं. पन्नासच्या दशकातल्या मोनो रेकॉर्डला २५ मायक्रॉनची मोनो सुई लावा. स्टिरिओची बारीक सुई चालते, पण ती खोबणीत खोलवर बसते आणि तळातली घाण खरखर बनून ऐकू येते.