मसावि काढताना घातांकाचा मसावि काढू नका! या चुका टाळा

नाशिकरोडला संध्याकाळी माझ्याकडे आठवी-नववीची मुलं शिकवणीला येतात. बैजिक (अक्षरं असलेल्या) पदांचा मसावि, म्हणजे महत्तम सामाईक विभाजक, सगळ्या पदांना भागणारा सर्वांत मोठा विभाजक, सुरू झाला की एक चूक वहीत हमखास सापडते, आणि ती बहुतेक वेळा हुशार मुलांच्याच वहीत.

परवा एका मुलीने १२अ⁶ब आणि १८अ⁴ब³ यांचा मसावि ६अ²ब असा काढला. १२ आणि १८ चा ६, अगदी बरोबर. मग तिने ६ आणि ४ या घातांकांचाही मसावि काढला, २! दोन्हीकडे एकच रीत लावली होती, म्हणून तिला त्यात काही खटकलंच नाही. मी पदं सुटी करून लिहायला लावली: वर अ×अ×अ×अ×अ×अ, खाली अ×अ×अ×अ. तिच्या मामाची पिंपळगावकडे द्राक्षबाग आहे. म्हटलं, एका पिकअपमध्ये सहा क्रेट, दुसऱ्यात चार. दोन्हींतून सारखेच उतरवायचे, तर जास्तीत जास्त किती? “चार, सर.” आणि तिनेच खोडून ६अ⁴ब लिहिलं.

घातांक म्हणजे ‘अ’ किती वेळा आला याची मोजदाद. म्हणून सहगुणकांचा (अक्षरांआधीच्या आकड्यांचा) मसावि काढायचा, पण घातांकांपैकी लहान तो घ्यायचा. मोठा घेतला आणि ३६अ⁶ब³ आलं, तर तो लसावि (लघुतम सामाईक विभाज्य) झाला.

एखाद्याच पदात नसलेलं अक्षरही मुलं मसाविमध्ये ओढतात. ८अ²ब, १२अबक, २०ब² यांत ‘अ’ तिसऱ्या पदात नाही, ‘क’ तर एकाच पदात आहे. उत्तर फक्त ४ब.

सामाईक बाहेर काढताना १ विसरू नका. ६क्ष² + ३क्ष = ३क्ष(२क्ष + १). ३क्ष ला ३क्ष ने भागलं की १ उरतो, शून्य नाही. तसंच –६क्ष² + ९क्ष मधून –३क्ष काढलं, तर कंसात २क्ष – ३ येतं. दुसरं चिन्ह बदलायचं राहून जातं, तिथे थांबून बघा.

उत्तर पूर्ण झालं का, हे तपासायला प्रत्येक पदाला मसाविने भागा. २४अ⁴ब आणि ३६अ²ब³ यांसाठी ६अ² घेतलं, तर ४अ²ब आणि ६ब³ उरतात. त्यांत अजून २ब सामाईक आहे. तोही गुणा: १२अ²ब. आता उरलेल्या २अ² आणि ३ब² मध्ये १ शिवाय काहीच सामाईक नाही.