थंड हाताचा अहवाल : नसांच्या विद्युत-चाचणीच्या खोलीत नव्याने येणाऱ्यांसाठी

नसांच्या, म्हणजे मज्जातंतूंच्या, तपासणीच्या खोलीत माझी नेमणूक झाली, त्या पहिल्याच महिन्यात मी एका धडधाकट नसेला रोगी ठरवले. डिसेंबरची सकाळ होती, यंत्र तापू नये म्हणून खोलीतला एसी रात्रभर चालू होता आणि पहाटेच्या एसटीने आलेल्या साठीच्या एका आजींना बोटांना मुंग्या येतात म्हणून आमच्याकडे पाठवले होते. मनगटावर मीडियन नसेला, म्हणजे अंगठा व त्याशेजारच्या बोटांच्या नसेला, विद्युत-स्पंद दिल्यावर अंगठ्याच्या स्नायूचा प्रतिसाद यायला ४.९ मिलीसेकंद लागले आणि कोपरापासून मनगटापर्यंतचा वेग सेकंदाला ४३ मीटर भरला. पुस्तकातल्या मर्यादा डोळ्यांसमोर ठेवून मी अहवाल लिहिला आणि वरिष्ठ सरांपुढे ठेवला. त्यांनी कागदाकडे पाहिलेच नाही, आजींच्या पंजावर आपला तळवा ठेवला आणि मला विचारले, "हात लावून पाहिलास का?" कोमट पाण्यात पंधरा मिनिटे हात ठेवून चाचणी पुन्हा केली, तेव्हा तेच आकडे ३.८ आणि ५४ आले. आजी म्हणाल्या, "मी मघाशीच सांगणार होते, हात पार गारठलेत म्हणून."

त्वचेचे तापमान एक अंशाने उतरले की वेग सेकंदाला साधारण दीड ते अडीच मीटरने घटतो आणि दूरच्या टोकाचा प्रतिसाद सुमारे ०.२ मिलीसेकंद उशिरा येतो. म्हणून हाताचे तापमान किमान ३२ अंश सेल्सिअस व पायाचे ३० अंशांच्या वर असल्याशिवाय पहिला स्पंद देऊ नये. याची एक खूण लक्षात ठेवण्यासारखी आहे : थंडीने संवेदी लहरीची, म्हणजे स्पर्श वाहणाऱ्या नसेच्या पडद्यावर दिसणाऱ्या प्रतिसादाची, उंची कमी होत नाही, उलट वाढते. वेग मंद पण लहर मात्र ऐटदार उंच दिसली, तर रोगाचे नाव घेण्याआधी थर्मामीटर घ्यावा.

ही चाचणी म्हणजे मुळात रुग्णाच्या शारीरिक तपासणीचाच पुढचा भाग आहे, ही गोष्ट मला त्या सकाळी कळली आणि पचायला बरीच वर्षे लागली. चिठ्ठीवर बहुधा 'एनसीव्ही' (नर्व्ह कंडक्शन व्हेलॉसिटी, म्हणजे नसेतून संदेश जाण्याचा वेग) एवढीच अक्षरे असतात, रुग्ण तिला 'करंटची टेस्ट' म्हणतात, आणि कोणती नस तपासायची, कोठे स्पंद द्यायचा, किती पुढे जायचे हा निर्णय खोलीत आल्यावर आपल्यालाच घ्यावा लागतो. तो घेण्यासाठी विचारपूस लागते. मुंग्या कोणत्या बोटांना येतात, रात्री हात झटकावा लागतो का, चप्पल पायातून निसटली तर कळते का, या तीन प्रश्नांनी माझा जेवढा वेळ वाचवला आहे तेवढा कोणत्याही महागड्या सॉफ्टवेअरने वाचवलेला नाही. करंगळी बधिर असलेल्या माणसाची मीडियन नस अर्धा तास तपासत बसणारे नवशिके मी पाहिले आहेत. त्यांत एकेकाळी मीही होते.

मोजायचे असते ते थोडके. स्पंदापासून प्रतिसादापर्यंतचा वेळ म्हणजे लेटन्सी, लहरीची उंची म्हणजे ॲम्प्लिट्यूड, आणि दोन ठिकाणच्या वेळांतील फरकाने अंतराला भागले की वेग. ढोबळ मानाने तंतूचा गाभा, म्हणजे ॲक्सॉन, झडला की उंची घटते आणि त्याभोवतीचे मायलिनचे वेष्टण बिघडले की वेळ लांबतो व वेग मंदावतो. मधुमेहात पोटरीच्या मागील सुरल नसेची लहर आधी खुजी होते, कारण सर्वांत लांब तंतूंची टोके प्रथम झडतात. स्नायूवरचा प्रतिसाद मिलिव्होल्टमध्ये मोजतात आणि संवेदी नसेचा मायक्रोव्होल्टमध्ये, म्हणजे हजारपटीने लहान मापात. त्यामुळे संवेदी लहर नोंदवताना हाताची सफाई खरी पणाला लागते. दुखऱ्या पायाला घरी तेल चोळून आलेल्या रुग्णाची त्वचा स्पिरिटने नीट पुसली नाही, अर्थिंगची पट्टी सैल राहिली किंवा शेजारी फोन चार्जिंगला लावलेला असला, की पडद्यावर ५० हर्ट्झची जाड दोरी नाचू लागते आणि लहर तीत बुडते.

चुका बहुधा यंत्राच्या नसतात, आपल्या असतात. कोपराजवळ दहा सेंटिमीटरच्या अंतरात टेप एक सेंटिमीटरने चुकली तर वेगात दहा टक्क्यांची चूक आलीच. अल्नार, म्हणजे करंगळीच्या बाजूची नस तपासताना हात सरळ ठेवला तर नस कोपरामागे सैल पडते, टेप तिची खरी लांबी पकडत नाही आणि वेग खोटाच मंद दिसतो. म्हणून कोपर सत्तर ते नव्वद अंशांत वाकवूनच स्पंद द्यावा आणि त्याच स्थितीत अंतर मोजावे. स्पंदाची तीव्रता प्रतिसाद वाढायचा थांबेपर्यंत नेऊन त्यावर आणखी वीस-तीस टक्के वाढवावी लागते. स्थूल माणसाच्या गुडघ्यामागे टिबियल नसेला (पोटरी व तळपायाकडे जाणाऱ्या) पुरेसा स्पंद पोचत नाही, प्रतिसाद निम्म्यावर येतो आणि नवशिका तेथे 'ब्लॉक', म्हणजे नसेत अडथळा, असे लिहून मोकळा होतो. रुग्ण कळवळतो म्हणून आपण हात आखडता घेतो, ते समजण्यासारखे आहे. पण अर्धवट स्पंदावर लिहिलेला अहवाल त्याला पुढे अधिक महागात पडतो.

शरीररचनाही कधी चकवते. पुष्कळ माणसांत मीडियन नसेतील काही तंतू पुढच्या हातात अल्नार नसेत जाऊन मिळतात; याला मार्टिन-ग्रुबर जोडणी म्हणतात. अशा हातात अल्नार नसेचा प्रतिसाद मनगटावर मोठा आणि कोपराखाली लहान येतो आणि मध्येच नस अडल्यासारखे वाटते. तेव्हा कोपरापाशी मीडियन नसेला स्पंद देऊन करंगळीच्या बाजूच्या स्नायूवर नोंद घ्यावी. हरवलेली उंची तेथे सापडते. हे न जाणता पाठवलेल्या अहवालावरून एखाद्याच्या हातावर विनाकारण शस्त्रक्रिया होऊ शकते.

महाराष्ट्रात काम करणाऱ्याने दोन गोष्टी मात्र परदेशी पुस्तकांच्या भरवशावर सोडू नयेत. पहिली, कुष्ठरोग. २००५ च्या अखेरीस देशपातळीवर सार्वजनिक आरोग्याची समस्या म्हणून त्याचे उच्चाटन झाल्याचे जाहीर झाले, तरी जगातील नव्या रुग्णांपैकी निम्म्याहून अधिक आजही भारतातच आढळतात. हा जंतू शरीराच्या थंड भागांतील नसा पकडतो; म्हणून एक अल्नार, दुसऱ्या पायाची पेरोनियल (पाऊल वर उचलणारी नस), मनगटावरची रेडियलची त्वचेकडे जाणारी शाखा असा विस्कळीत नमुना दिसतो आणि सर्वसाधारण न्यूरोपॅथीसारखे (नसांच्या आजारासारखे) दोन्ही पाय सारखे बिघडलेले नसतात. गुडघ्याचे व घोट्याचे प्रतिक्षिप्त झटके बहुधा टिकून असतात. त्वचेवर चट्टा नसलेला, केवळ नसेचा कुष्ठरोगही असतो. म्हणून इलेक्ट्रोड लावण्यापूर्वी कोपराच्या आतल्या बाजूला किंचित वर, गुडघ्याखाली बाहेरच्या हाडाच्या मानेपाशी आणि कानाखाली मानेवर बोटे फिरवून नस जाड लागते का, हे दोन्ही बाजूंची तुलना करून पाहावे. एका विणकराला तीन ठिकाणी मानेच्या मणक्याचे निदान सांगितले गेले होते. त्याची अल्नार नस कोपरावर पेन्सिलीएवढी हाताला लागली, तेव्हा यंत्राने फक्त दुजोरा दिला.

दुसरी गोष्ट, एका पायाचे पाऊल लुळे पडणे. कांदा काढणी वा खुरपणीत तासन्‌तास उकिडवे बसलेल्या मजुराची पेरोनियल नस गुडघ्याखाली हाडावर दाबली जाते आणि संध्याकाळी पाऊल उचलेनासे होते. कमरेत इंजेक्शन घेतल्यावरही, मांडीमागून पायात उतरणाऱ्या सायॅटिक नसेला इजा होऊन, तसेच पाऊल लोंबते. वरवर पाहता दोघांत फरक कळत नाही. येथे सुईची चाचणी, म्हणजे ईएमजी, कामी येते : मांडीमागील बायसेप्स फेमोरिसच्या आखूड भागाला सायॅटिक नसेतील पेरोनियल तंतू गुडघ्याच्या वरच पोचतात, त्यामुळे तो स्नायू बिघडला असेल तर इजा गुडघ्याच्या वर आहे. दाब गुडघ्याखालचा असेल, पंधरा दिवसांनंतरही त्या खालचा प्रतिसाद शाबूत असेल आणि केवळ वरून दिलेल्या स्पंदाला तो खुजा येत असेल, तर तंतू झडलेले नाहीत आणि काही आठवड्यांत पाऊल उचलू लागेल, असे त्या मजुराला धीराने सांगता येते.

येथेच वेळेचा प्रश्न येतो, आणि नव्या मंडळींची सर्वांत मोठी गफलत याच ठिकाणी होते. तुटलेल्या नसेचा खालचा तुकडा लगेच मरत नाही. स्नायूचा प्रतिसाद मावळायला सुमारे आठवडा आणि संवेदी लहर मावळायला दहा-अकरा दिवस लागतात. स्नायू पूर्ण सैल सोडलेला असताना पत्र्यावर पावसाचे थेंब पडावेत तसा फिब्रिलेशनचा, म्हणजे नस तुटलेल्या स्नायूतंतूंच्या आपोआप होणाऱ्या थरथरीचा, टपटप आवाज ईएमजीच्या स्पीकरमधून ऐकू यायला दोन-तीन आठवडे जावे लागतात. अपघाताच्या दुसऱ्या दिवशी केलेली चाचणी म्हणूनच दिलासा देते आणि फसवते. शरीराची प्रतिकारशक्तीच नसांवर उलटते आणि हातपाय लुळे पडत जातात, त्या गुलियन-बारे आजाराचेही असेच आहे. २०२५ च्या जानेवारीत पुण्याच्या सिंहगड रस्ता भागात या आजाराचे रुग्ण अचानक वाढले, तेव्हा चाचणी नॉर्मल आली म्हणजे आजार नाही, असा समज अनेक नातेवाइकांचा झाल्याचे कानावर आले. पहिल्या आठवड्यात हातापायांतले वेग शाबूत असू शकतात. एफ लहर (स्पंद मज्जारज्जूपर्यंत जाऊन परतल्यावर स्नायूत उमटणारी) गायब होणे किंवा लांबणे, पोटरीतला एच प्रतिसाद (घोट्याच्या प्रतिक्षिप्त झटक्याचे विद्युत-रूप) न मिळणे, हाताच्या संवेदी लहरी बिघडूनही पायाची सुरल टिकून राहणे, या खुणा तेव्हा शोधाव्या लागतात. त्याही नसल्या तर उपचार आपल्या कागदासाठी थांबू नयेत आणि चाचणी दोन आठवड्यांनी पुन्हा करावी.

सुई लावण्यापूर्वी रक्त पातळ करणाऱ्या गोळ्यांची चौकशी करावी आणि विद्युत-स्पंद देण्यापूर्वी पेसमेकरची. याहून जास्त सांगायची गरज नाही, पण विसर पडतो म्हणून लिहिते. रुग्णाला "काही होत नाही" असे म्हणू नये, कारण होते. "टिचकी मारल्यासारखा झटका बसेल, हात आपोआप उडेल" असे सांगितले की बहुतेक जण सहज सहन करतात.

अहवालात त्वचेचे तापमान लिहावे, कोणत्या नसा तपासल्या नाहीत तेही लिहावे, आणि 'नॉर्मल' हा शब्द जपून वापरावा. मधुमेहाच्या एक बाई तळपायांची आग होते म्हणून आल्या होत्या. त्यांच्या सगळ्या लहरी निर्दोष होत्या आणि मी तसे लिहून दिले. चार महिन्यांनी त्या पुन्हा आल्या, तेव्हा कळले की माझा कागद दाखवून घरच्यांनी त्यांना, सारे मनाचे खेळ आहेत, असे ऐकवले होते. उष्णता, गारवा आणि वेदना वाहणारे बारीक तंतू या यंत्राच्या आवाक्यात येतच नाहीत. ते फक्त मायलिनचे वेष्टण असलेल्या जाड तंतूंचा हिशेब देते. तेव्हापासून अशा प्रत्येक अहवालाच्या शेवटी मी घरच्यांना वाचता येईल अशा मराठीत एक वाक्य लिहिते : "या चाचणीत बारीक नसा मोजल्या जात नाहीत, रुग्णाला होणारी आग खरी असू शकते."