कॅमेऱ्याआधी पेन्सिल: बाबूराव पेंटरांच्या कामातून मी काय शिकलो

मी कोल्हापूरचा. तिथे खरी कॉर्नरला मूकपटांच्या काळातले चित्रकार-दिग्दर्शक बाबूराव पेंटर यांच्या कॅमेऱ्याचं स्मारक आहे. शाळेत जाता-येता रोज दिसायचं, पण ते कशासाठी उभं आहे हे कळायला मला स्वतःला कॅमेऱ्याच्या धंद्यात यावं लागलं. पहिली दोन वर्षं मी पेट्या उचलल्या, केबल गुंडाळल्या, भर उन्हात थर्माकोल धरून उभा राहिलो. मग फोकस पुलर, म्हणजे शॉट चालू असताना फोकस सांभाळणारा, झालो आणि बऱ्याच उशिरा स्वतः छायाचित्रण करू लागलो. आता नवीन मुलं भेटली की पहिला प्रश्न ठरलेला असतो, ‘सर, कुठला कॅमेरा घेऊ?’ त्यांना मी बाबूरावांची गोष्ट सांगतो. ज्याला कॅमेरा मिळतच नव्हता, त्याने काय केलं ते आधी ऐका, असं म्हणतो.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म 1890 चा. ते आणि त्यांचे नात्यातले भाऊ आनंदराव, दोघं संगीत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवायचे. ‘पेंटर’ हे नाव त्या कामामुळे चिकटलं. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पाहून दोघांना चित्रपटाचं वेड लागलं. पण पहिलं महायुद्ध चालू होतं, परदेशातून यंत्रं मिळणं अवघड होतं, आणि विकत घ्यायला पैसेही नव्हते. त्यांनी एक जुना प्रोजेक्टर मिळवला, त्याची रचना समजून घेतली आणि कॅमेरा घरीच बनवायचं ठरवलं. 1916 मध्ये आनंदराव वारले. काम अर्धवट राहिलं होतं. ते बाबूरावांनी त्यांचे शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साथीने पुरं केलं आणि 1918 मध्ये कॅमेरा चालू झाला.

इथे नव्या मुलांचं एक चुकतं. ते म्हणतात, म्हणजे बाबूराव इंजिनिअर होते. तसं नव्हतं. ते चित्रकार होते आणि पडद्यावर काय दिसायला हवं हे त्यांच्या डोळ्यांपुढे आधीच होतं. यंत्र त्या चित्रासाठी बनलं. पोशाख कसे असावेत, सेट कसा असावा, पात्रं कुठे उभी राहतील याची रेखाटनं ते स्वतः करायचे. जाहिरातीची पोस्टरंही स्वतः रंगवायचे. माझ्या हाताखाली येणाऱ्याला मी म्हणूनच आधी वही आणि पेन्सिल घ्यायला लावतो. चित्र सुंदर यायची गरज नाही. चौकट आखा, उजेड कुठून येतो त्या बाजूला बाण काढा, माणूस कुठे आहे तिथे गोल करा. एवढं जमलं तरी सेटवर तुमचा अर्धा गोंधळ संपतो.

त्या काळाचं तंत्र नुसतं वाचून कळत नाही, करून पाहावं लागतं. हँडल हाताने फिरवायचं. एका फेऱ्यात 8 चौकटी (फ्रेम), म्हणजे सेकंदाला दोन फेरे दिले की 16 चौकटी. 35 मिमीच्या एका फुटात 16 चौकटी मावतात, म्हणजे सेकंदाला एक फूट फिल्म. हजार फुटांचं रीळ साधारण 16 ते 17 मिनिटांत संपणार. समोर युद्ध चालू असो की कुणी रडत असो, हात तेवढ्याच लयीत फिरला पाहिजे. मी एकदा जुन्या शिवणयंत्राच्या हँडलवर हा सराव केला. दहाव्या मिनिटाला खांदा भरून आला आणि लय सुटली. त्या पिढीच्या कॅमेरामनबद्दल माझ्या मनात जो आदर आहे, तो त्या दुपारपासून.

फिल्मचंही तसंच. तेव्हाच्या ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मला लाल रंग जवळजवळ दिसत नसे. लाल ते काळं यायचं, निळं आभाळ पांढरं फटक पडायचं. स्थिरचित्रांसाठी अशी फिल्म आजही मिळते. मी एक रोल आणला आणि आमच्या मावशीला लाल नऊवारीत, कुंकू लावून, वाड्याच्या चौकात उभं करून फोटो काढले. न्हाणीघरात लाल दिवा लावून फिल्म धुतली, कारण लाल उजेडाने ती खराब होत नाही. लुगडं काळं, ओठ काळे, कुंकू म्हणजे कपाळावर कोळशाचा ठिपका. तेव्हा माझ्या लक्षात आलं की सेटचा आणि पोशाखाचा प्रत्येक रंग त्या लोकांना मनातल्या मनात करड्या छटेत बदलून पाहावा लागत असणार. चित्रकाराला हे सोपं जातं, इतरांना शिकावं लागतं. हा प्रयोग प्रत्येकाने एकदा करावाच, खर्च फार नाही.

बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ 7 फेब्रुवारी 1920 रोजी पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. कंपनीला भांडवल तानीबाई कागलकर यांनी दिलं होतं, आणि स्त्रीभूमिका बायकांनीच केल्या होत्या, गुलाबबाई आणि अनुसूयाबाईंनी. त्या दिवसांत ही हिंमत होती. लोकमान्य टिळकांनी चित्रपट पाहून बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. दुसरी गोष्ट अशी की, ज्याचा हात पडदे रंगवण्यात बसला होता, त्याच माणसाने रंगवलेल्या सपाट पडद्याऐवजी खोली असलेले, उभारलेले सेट वापरले. आपल्याला जे उत्तम येतं ते बाजूला ठेवायची तयारी फार थोड्यांकडे असते.

‘सिंहगड’ 1923 चा. तोवर आपल्याकडे काम मुख्यतः सूर्यावर चालायचं, यात त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरला. पण माझं मन अडकतं ते 1925 च्या ‘सावकारी पाश’मध्ये. कथा नारायण हरी आपट्यांची. सावकार शेतकऱ्याची जमीन गिळतो, आणि शेतकरी गिरणीत मजुरी करायला शहरात जातो. शेतकरी झाले होते तरुण व्ही. शांताराम. त्याच्या पुढच्या बोलक्या आवृत्तीतली एक अंधारी झोपडी आणि कुत्र्याचं भेसूर रडणं निर्माते-दिग्दर्शक जे. बी. एच. वाडियांच्या वर्षानुवर्षं लक्षात राहिलं, हे त्यांनीच नोंदवून ठेवलं आहे. 1925 चा मात्र मूकपट होता, हे विसरू नका. आवाज नाही, काही नाही. जे सांगायचं ते चित्रानेच.  तुमच्या पहिल्या लघुपटात पार्श्वसंगीत टाकण्याआधी तो प्रसंग आवाजाशिवाय पाहा. उभा राहत नसेल तर चूक चित्रात आहे, संगीताने ती झाकू नका.

धंद्याबद्दल एक सांगतो, कारण ते कुणी सांगत नाही. महाराष्ट्र फिल्म कंपनीत दामले, फत्तेलाल, शांताराम तयार झाले. वाट्टेल ते काम करत करत शिकले. आणि 1929 मध्ये शांताराम, दामले, फत्तेलाल आणि केशवराव धायबर बाहेर पडले. सीताराम कुलकर्ण्यांना सोबत घेऊन त्यांनी कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी काढली. 1931 च्या सुमारास महाराष्ट्र फिल्म कंपनी बंद झाली. आपल्याकडे पहिला बोलपट आला तेही त्याच वर्षी. तुम्ही शिकाऊ असाल तर एक दिवस तुम्हीही बाहेर पडाल. त्यात अपराध काही नाही, पण ज्याच्याकडे शिकलात त्याचं नाव घ्यायला चुकू नका. बाबूरावांनी पुढे थोडे बोलपट केले, ‘सावकारी पाश’ 1936 मध्ये बोलका करून पुन्हा काढला. चित्रं आणि शिल्पं चालूच होती. 1954 मध्ये ते गेले.

त्यांच्या मूकपटांपैकी बहुतेक आज पाहायला मिळत नाहीत, हे मला अजून सलतं. म्हणून त्यांच्या शिष्यांचं काम पाहा. दामले-फत्तेलालांचा 1936 चा ‘संत तुकाराम’ मिळवा आणि पहिल्यांदा आवाज पूर्ण बंद करून बघा. जिजाई काय बोलते ते शब्दांविना कुठवर कळतं ते पाहा. मग कुठलाही एक शॉट थांबवा, वही उघडा, आणि उजेड कुठल्या बाजूने येतो तिथे बाण काढा.